वैदिक म्हणजे फक्त ती लाहोरची भेट?

रामबागकर: काल इथे कुणीतरी लिहिलं, "पत्रकार वेदप्रताप वैदिक म्हणजे रोज टीव्हीवर बसणारे, 2014 मध्ये लाहोरला, 26/11 च्या मुंबई हल्ल्याचा सूत्रधार मानल्या जाणाऱ्या हाफिज सईदला भेटून आलेले. बाकी काय?" डोकंच फिरलं. अहो, हा आपल्या इंदूरचा माणूस! साठच्या दशकात दिल्लीत पीएचडीचा प्रबंध हिंदीतच लिहीन म्हणून अडून बसला. संस्थेने काढून टाकलं, प्रकरण संसदेत गाजलं, शेवटी नियम बदलले. प्रबंधाचा विषय अफगाणिस्तान. म्हणून ते काबूलवर बोलायचे तेव्हा मी हातातला घास थांबवून ऐकायचो. पुढे 'पीटीआय भाषा' या हिंदी वृत्तसंस्थेचे संस्थापक संपादक. हे सगळं त्या भेटीच्या एका फोटोने पुसायचं?

खजुरीबाजार: ते मीच लिहिलं. प्रबंधाचं मान्य. पण माझा मावसभाऊ 26/11 च्या रात्री सीएसटीवर होता. तो फोटो टीव्हीवर आला आणि तो भरल्या ताटावरून उठला. त्याला काय सांगू, प्रबंध हिंदीत होता म्हणून?

रामबागकर: पत्रकार शत्रूलाही भेटतो. ते त्याचं कामच आहे.

लोकमान्यनगर: स्वभाषेत सही करा, असं वैदिक सांगायचे. मी 30 वर्षं मराठीतच करते. मागच्या महिन्यात बँकेतल्या मुलाने माझ्या आडनावातल्या 'ळ'वर बोट ठेवून विचारलं, "आंटी, ये क्या है? इंग्लिश में कर दो ना."

खजुरीबाजार: बघा! 'ळ' इंग्रजीने नाही, हिंदीने गिळला. होळकरांच्या गावात माझी नात 'होलकर' म्हणते. वैदिक हिंदीसाठी झगडले, आपल्या मराठीसाठी कोण?

रामबागकर: हिंदीवर कशाला खापर फोडता? राहुल बारपुते मराठी, इंदूरच्या 'नईदुनिया' या हिंदी दैनिकाचे संपादक. राजेंद्र माथुर, प्रभाष जोशी हे हिंदीतले मोठे संपादक त्याच पेपरातून पुढे आले. हिंदीत लिहून बारपुत्यांचं मराठीपण गेलं का? तुम्ही नातीशी घरात काय बोलता ते सांगा.

खजुरीबाजार: घरावर येऊ नका!

रामबागकर: का? 'ळ' घरातच शिकतात. शाळा नाही शिकवणार.

खजुरीबाजार: बोलतो हिंदीत. सूनबाई भोपाळची आहे, सगळं घरच हिंदीवर गेलं. आजपासून मराठीत बोलेन. पण लाहोरचं मी सोडणार नाही. प्रबंधाला मान, त्या भेटीला नाही. ताई, सहीचं पुढे काय झालं?

लोकमान्यनगर: तीन वेळा करायला लावली. तिन्ही वेळा 'ळ'सकट केली. घेतली.