मदत हवी आहे: इलेक्ट्रोड नवे, तरी स्प्लाइस लॉस जास्त

सिंगल मोड ऑप्टिकल फायबर जोडल्यावर स्प्लायसर (टोकं वितळवून फायबर जोडणारं यंत्र) जोडावरचा प्रकाशाचा लॉस 0.02 डीबी दाखवतो, पण ओटीडीआरवर (फायबरमध्ये प्रकाश सोडून लॉस मोजणारं यंत्र) दोन्ही बाजूंनी मोजून सरासरी काढली तरी 0.15 च्या खाली येत नाही. 1310 आणि 1550 नॅनोमीटर या दोन्ही तरंगलांबींवर आकडा जवळपास सारखाच, म्हणजे ट्रेमध्ये फायबर वाकलेली नाही. तसं असतं तर 1550 वर लॉस जास्त दिसला असता. स्प्लायसरमध्ये आर्क पाडणाऱ्या जुन्या इलेक्ट्रोडच्या टोकांवर पांढरट थर होता, म्हणून जोडी बदलून आर्क कॅलिब्रेशन केलं. फायबर बसते ते व्ही-ग्रूव्हही आयपीएने (आयसोप्रोपिल अल्कोहोल) पुसले. क्लीव्हरने (फायबर कापायचं यंत्र) कापलेल्या टोकाचा तिरपेपणा, म्हणजे क्लीव्ह अँगल, मात्र कधी 0.5 अंश, कधी थेट 2! ब्लेड पुढच्या खुणेवर फिरवूनही तेच. आता ब्लेडची उंची वाढवावी, की आधी क्लॅम्पचे रबर पॅड बदलावेत? उंची चुकली तर चांगली धारही जाते, म्हणून विचारूनच हात लावायचा आहे.