मदत हवी आहे: जादूच्या पीठातून ग्रंथ पळवले, आता?

सुसाट_सूत्रधार
जरा घाई आहे, म्हणून थेट विचारतो. आमच्या जगात जादू रक्तात नसते, अभ्यासाने येते. तर्कपीठ नावाचं पीठ आहे. तिथे वर्षानुवर्षं घासल्याशिवाय कुणी 'पारंगत' होत नाही. आता चौघांनी पीठाच्या ग्रंथालयातून खंड पळवलेत. चौघांनाही वाचता येतं, डोकंही बरं आहे. मग उद्या सकाळपासून त्यांनी डोंगर का हलवू नयेत? ग्रंथांवर शाप आहे हे कृपया सुचवू नका, वापरून झालंय.

अर्धविराम
ग्रंथात लिहिलंय काय? मंत्र, कृती, की नुसता सिद्धांत? आणि पळवू दिलेत कशाला? ते प्रकरणच काढून टाका.

सुसाट_सूत्रधार
नाही काढता येत. झालं ते झालं. काय लिहिलंय ते अजून ठरलेलं नाही, तेच तर विचारतोय.

आग्यावेताळ
यात अडण्यासारखं काय आहे? जादूला किंमत लावा. प्रत्येक प्रयोगामागे एक आठवण पुसली जाते. डोंगर हलवला की आईचा चेहरा गेला. हलवा म्हणावं.

अर्धविराम
@आग्यावेताळ, म्हणजे आठवण गमवायला तयार असलेला कुणीही जादूगार? मग पीठात बसून लोक इतकी वर्षं करतात काय? तुमच्या प्रत्येक प्रतिसादात कुणाची तरी आई जाते.

तळटीप
धागाकर्ते, ग्रंथाची रचनाच कुलूप म्हणून वापरा. पाणिनीची अष्टाध्यायी बघा, संस्कृत व्याकरणाचा ग्रंथ. सुमारे ४,००० सूत्रं, आणि काटकसर इतकी की मागच्या सूत्रातले शब्द पुढच्या सूत्रात परत लिहीतच नाहीत, ते मनाने धरून चालायचं. ही अनुवृत्ती. मधलंच पान उचललंत तर हाती नुसते तुकडे. शेवटचं सूत्र 'अ अ', बस्स एवढंच. भाष्य न वाचता त्यातून काय कळतं ते सांगा.

आणि खरी गंमत पुढे आहे. शेवटच्या तीन पादांतल्या (पाद म्हणजे अध्यायाचा चौथा भाग) नियमांनी केलेलं काम आधीच्या नियमांना दिसत नाही. झालंच नाही असं धरायचं. हे जादूत आणा: शेवटच्या खंडातल्या सूत्राने पेटवलेली आग पहिल्या खंडातल्या विझवण्याच्या सूत्राला दिसणारच नाही. चोर विझवत बसतील, आग जळत राहील.

चकवा
छान आहे, पण कोरडं आहे. त्यापेक्षा ग्रंथच फसवा ठेवा. ट्रिथेमियस नावाच्या जर्मन मठाधिपतीने १४९९ च्या सुमारास 'स्टेगानोग्राफिया' लिहिलं. वरून पाहिलं तर आत्म्यांकरवी दूरवर निरोप धाडायची विद्या. १६०६ मध्ये छापलं गेलं, १६०९ मध्ये चर्चच्या निषिद्ध यादीत गेलं. मुळात ते सांकेतिक लिपीचं पुस्तक! तिसऱ्या भागाचा उलगडा तर १९९० च्या दशकात झाला. तुमच्या चोरांना आधी हे कळू दे की आपण जे वाचतोय ते ते नाहीच.

तळटीप
सांकेतिक लिपी फुटली की खेळ खलास. रचना फुटत नाही, ती शिकावीच लागते. शिवाय उच्चाराचा प्रश्न आहेच. वेद म्हणायची घनपाठ नावाची पद्धत आहे, तिच्यात शब्द एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन असे गुंफून म्हणतात, म्हणजे चूक शिरायला फटच राहत नाही. हे कागदावरून येत नाही, समोर बसून घोटून घ्यावं लागतं.

चकवा
म्हणजे शेवटी गुरूच्या पायाशी बसा. नवीन काय सांगितलंत?

रिकामा_खिसा
जादू शिकायची असेल तर ग्रंथांच्या मागे लागू नका. नाणं गायब करण्यापासून सुरुवात करा, रोज आरशासमोर. बोटं आपोआप वळतात. शुभेच्छा.

अर्धविराम
@रिकामा_खिसा 😂
धागाकर्ते, नायक कोण आहे तेवढं तरी सांगा. कादंबरी चोरांच्या बाजूने आहे की पीठाच्या?

सुसाट_सूत्रधार
कादंबरी कुठून आली? खेळ आहे, टेबलाभोवती बसून पात्रं रंगवायचा. मी सूत्रधार, ते चौघे माझे मित्र. फासे चांगले पडले आणि ग्रंथालय साफ झालं. शनिवारी पुढचा डाव आहे.

अर्धविराम
हे आधी सांगायला काय झालं होतं?

सुसाट_सूत्रधार
नावात सूत्रधार आहे, अजून काय सांगू.

आग्यावेताळ
खेळात तर किंमत अजूनच भारी चालते. पात्राच्या कागदावरची एक आठवण खेळाडूने स्वतःच्या हाताने खोडायची. करून बघा, टेबलावर सन्नाटा पसरतो.

तळटीप
हे मात्र पटलं. पण ते आगीनंतर. नेमके कोणते खंड पळवलेत?

सुसाट_सूत्रधार
पहिला, दुसरा आणि पाचवा. एकूण पाचच आहेत. पाचवा जाड होता म्हणून उचलला.

तळटीप
मग अडलंय कुठे? तिसरा-चौथा नाही, म्हणजे पाचव्यातल्या निम्म्या सूत्रांना धड सुरुवातच नाही. जी चालतील ती चालू द्या. त्यांना काहीही समजावून सांगू नका. पेटवू दे, मग पहिला खंड उघडून विझवायला जाऊ दे. दोन-तीन फेऱ्यांत स्वतःच म्हणतील की मधलं काहीतरी राहिलंय.

चकवा
आणि तिसऱ्या-चौथ्याच्या जागी पीठाने नकली खंड ठेवलेत. तेवढं तरी माझं घ्या.

सुसाट_सूत्रधार
घेतलं. आग पण घेतली. आठवणींचं बघतो, एकजण रुसेल. आता एकच अडचण: त्यातल्या एकीने आत्ताच मेसेज टाकलाय की पीठातून काढून टाकलेला एखादा विद्यार्थी गाठता येईल का. देऊ?

अर्धविराम
द्या की. फक्त तो चौथ्या खंडातच नापास झालेला असू दे.