'टेलिव्हिजन'चा ज आणि 'टुरिझम'चा झ

खडूफळा: एका शब्दसूचीचं मुद्रितशोधन चालू आहे. एकाच पानावर 'टुरिझम' आणि 'टेलिव्हिजन'. पहिल्यात इंग्रजी ध्वनी स-चा घोष, म्हणजे गळ्यात कंप होणारा, जोडीदार, त्याला आपण झ दिला. दुसऱ्यात श-चा घोष जोडीदार, त्याला ज. शिवाय 'डिव्हिजन'ला ज आणि 'पेन्शन'ला श, पण इंग्रजीत दोन्हीकडे एस-आय-ओ-एन. काही नियम आहे की ज्याला जे सुचेल ते?

काना-मात्रा: इंग्रजीपुरता नियम आहे. एस-आय-ओ-एनच्या आधीचं अक्षर बघायचं. स्वर असला की घोष उच्चार: डिसिजन, कन्फ्यूजन, इन्व्हेजन. एन किंवा एल असला की श: टेन्शन, मॅन्शन, एक्स्पल्शन. दोन एस असले तर त्यांच्या मागे स्वर असूनही श: मिशन, पॅशन, डिस्कशन. आर असला की ब्रिटिश श म्हणतात, अमेरिकन घोष, म्हणून आपल्याकडे 'व्हर्शन' आणि 'व्हर्जन' दोन्ही दिसतात. टी-आय-ओ-एन मात्र नेहमी शन. फक्त त्याआधी एस असेल तर च येतो: क्वेश्चन, सजेश्चन, डायजेश्चन.

विसर्ग: 'नेहमी' मागे घ्या. 'इक्वेशन'मध्ये टी आहे, तरी इंग्रज माणूस त्याचा शेवट 'व्हिजन'सारखा करतो. आणखी एक सापळा 'कॅटायन', म्हणजे रसायनशास्त्रातला धनभारित आयन. अक्षरं सी-ए-टी-आय-ओ-एन, पण तिथे हा प्रत्यय नाहीच, तो 'आयन' आहे. घाईत त्याचं 'केशन' होतं. मजकुरात आसपास त्याचा ऋणभारित जोडीदार 'अ‍ॅनायन' दिसला की सावध व्हा.

उपपदवेडा: माझ्या मते हा 'शन' म्हणजे आपल्या दर्शन, भाषण यांतला 'अन'च. व्हिजन म्हणजे दर्शन, अजून काय पुरावा हवा?

विसर्ग: 'दर्शन'मधला श दृश् धातूचा आहे, प्रत्ययाचा नाही, आणि 'भाषण'मध्ये तर ष आहे. नातं आहे, पण दुसऱ्या घरात. लॅटिनचा 'तिओ' आणि संस्कृतचा 'ति' यांचं मूळ एक. 'स्टेशन'चं लॅटिन रूप 'स्तातिओ', त्याचं भावंड 'स्थिति'. 'नेशन'चं 'नातिओ', त्याचं भावंड 'जाति'. श नंतर आला. मध्ययुगीन इंग्रजीत 'नेशन' सी घालून लिहीत आणि 'सिऑन' असं काहीसं म्हणत. पुढे लॅटिनच्या धाकाने टी परत लिहू लागले, उच्चार मात्र श-कडे घसरला. अक्षर मागे गेलं, जीभ पुढे.

उपपदवेडा: म्हणजे स्टेशनला 'स्थिति' म्हणायला हवं होतं, 'स्थानक' नव्हे!

शुद्धलेखनी: विनोद पुरे. मराठी शब्द असताना हा 'शन'चा पसारा हवाच कशाला? विभाग, निर्णय, प्रश्न, समीकरण. निम्मा घोळ तिथेच संपतो.

काना-मात्रा: आणि टेलिव्हिजनला? 'दूरचित्रवाणी संच बिघडला' असं तुम्ही घरात म्हणता?

शुद्धलेखनी: लिहिताना म्हणतो.

खडूफळा: सूचीत इंग्रजी शब्दच द्यायचे आहेत, त्यामुळे ते दार बंद आहे. इंग्रजी स्पेलिंगही शेजारी छापायचंय. एस की टी, हे कसं ओळखायचं?

काना-मात्रा: क्रियापदावरून. शेवटी डी किंवा डी-ई असेल तर एस: डिसाइड-डिसिजन, एक्स्पांड-एक्स्पान्शन. 'मिट' असेल तर दोन एस: अ‍ॅडमिट-अ‍ॅडमिशन. बाकी बहुतेक टी. फसवतात ते 'टेंड'वाले: एक्स्टेंडला एस, पण अटेंड आणि इंटेंडला टी. कारण लॅटिनमध्ये त्या धातूची 'तेन्तुस' आणि 'तेन्सुस' अशी दोन कृदन्तं होती, इंग्रजीने दोन्हीकडून शब्द उचलले. माणसाचा व्यवसाय असेल तर सी-आय-ए-एन: म्युझिशियन, इलेक्ट्रिशियन. तिथे 'शन' लिहायचं की 'शियन', हा वेगळा तंटा.

मुकाअकार: इथे सगळे श-ज-झ करताहेत, खरा घोळ त्यापुढच्या स्वरात आहे. इंग्रजी प्रत्ययांवर आघात, म्हणजे उच्चारातला जोर, बहुधा नसतो, म्हणून स्वर पुसट होतो. 'रेझिस्टन्स'ला ए आणि 'पर्सिस्टन्स'ला ई, पण कानाला फरक शून्य. कानावर विसंबलात तर स्पेलिंग चुकणारच. आपण उलट करतो, स्पेलिंग बघून उच्चार लिहितो. 'डॉक्युमेंट' हे क्रियापद असेल तर ठीक, नाम असेल तर इंग्रजीत 'मन्ट'च्या जवळचं. 'ग्रॅज्युएट'चंही तसंच: क्रियापदात 'एट', नामात 'इट'सारखं. 'मेन्टेनन्स'मध्ये तर क्रियापदाचा 'टेन' नामात टिकतच नाही, आघात 'मेन'वर जातो आणि मधला स्वर जवळजवळ गळतो. सूचीत हे दाखवणार का?

शुद्धलेखनी: 'मेन्टनन्स' लिहिलं तर लोक मुद्रणदोष समजतील.

मुकाअकार: समजू देत. 'प्रोनाउन्सिएशन' लिहिण्यापेक्षा बरं. उच्चार या अर्थाच्या शब्दाचाच उच्चार चुकवायचा! त्यात 'नाउन' नाही, 'नन' आहे, आणि स्पेलिंगमध्येही ओ गळतो.

खडूफळा: मूळ प्रश्न राहिला. ज की झ?

विसर्ग: 'माझा' आणि 'माझी' म्हणून बघा. अक्षर एकच, पण 'माझा'तला झ दंत्य, 'माझी'तला तालव्य. 'टुरिझम'ला पहिला झ लावला तर इंग्रजीच्या जवळ जातो, म्हणून तो रुळला. 'व्हिझन' लिहाल तर वाचक तिथेही 'माझा'तलाच झ लावेल आणि स-चा जोडीदार ऐकू येईल. 'व्हिजन'चा ज निदान तालव्य तरी वाचला जातो. दोन्ही चूक, ज कमी चूक.

उपपदवेडा: मग 'म्युझियम'मध्ये झ-पुढे इकार आहे, तिथे झ तालव्य व्हायला हवा. होतो का?

काना-मात्रा: निम्मे लोक करतात. नुक्ता, म्हणजे अक्षराखालचं टिंब, घ्या म्हटलं की शुद्धलेखनी उठतील.

शुद्धलेखनी: उठलोच. नुक्ता हिंदीचा.

खडूफळा: सध्या ज ठेवतोय. 'व्हर्शन' की 'व्हर्जन' हे कुणी ठरवलंच नाही, ब्रिटिश धरू की अमेरिकन?