‘आप्तभाव’ म्हणजे नेमकं काय?

प्रश्न
मुलीच्या जमातीच्या दाखल्याची पडताळणी करणाऱ्या समितीच्या आदेशात लिहिलंय, ‘अर्जदार आप्तभाव सिद्ध करू शकले नाहीत.’ आप्त म्हणजे नातेवाईक, एवढं कळतं. पण वंशावळ तर आम्ही शपथपत्रावर दिली, काका-आत्यांचे दाखलेही जोडले. मग सिद्ध करायचं राहिलं काय? आम्ही मूळचे जुन्नर तालुक्यातले, महादेव कोळी. आता राहणार हडपसर.

उत्तर
इथे आप्त म्हणजे काका-आत्या नव्हेत. ‘अ‍ॅफिनिटी टेस्ट’ला मराठीत ‘आप्तभाव चाचणी’ म्हणतात. अर्जदाराची जमातीशी जवळीक आहे का, एवढंच त्यात बघतात. कुलदैवत कोणतं, लग्नात देवक कशाचं, मयत पुरता की जाळता, घरात कोणती बोली, असं विचारतात आणि उत्तरं जमातीच्या नोंदवलेल्या चालीरीतींशी ताडून बघतात.

माझ्या धाकट्या भावाला हेच विचारलं होतं. तो येरवड्यात जन्मला, तिथेच वाढला. देवक विचारल्यावर गप्प झाला. आई शेजारीच बसली होती, तिला सगळं ठाऊक होतं, पण तिने तोंड उघडलं तर ‘तुम्ही सांगू नका’ म्हणाले. परत येताना शिवाजीनगरहून बसमध्ये बसल्यावर तिने हळदीचं गाणं पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हटलं. मागच्या सीटवरच्या बाया ऐकत होत्या.

म्हणून हा शब्द मला खुपतो. न्यायशास्त्रात, म्हणजे आपल्या जुन्या तर्कशास्त्रात, ‘आप्तवाक्यं शब्दः’ म्हणतात. ज्याचा शब्द प्रमाण मानावा तो आप्त. आई दोन्ही अर्थांनी आप्त होती, आणि आप्तभाव तपासताना नेमका तिचाच शब्द धरला नाही.

आणखी एक उत्तर
वकिलीत रोज हे कागद हाताळतो, म्हणून थोडी भर. तुमच्या आदेशात फक्त आप्तभावावर बोट ठेवलं असेल तर धीर सोडू नका. सर्वोच्च न्यायालयाच्या 1994च्या माधुरी पाटील निकालापासून दक्षता पथक, म्हणजे समितीसाठी चौकशी करणारं पथक, आणि चालीरीतींची चौकशी रूढ झाली. पुढे 2001च्या महाराष्ट्र अधिनियम क्रमांक 23 ने, म्हणजे जात प्रमाणपत्र कायद्याने, सिद्ध करण्याचा भार कलम 8 नुसार अर्जदारावर टाकला. मात्र 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘आनंद’ प्रकरणात सांगितलं की स्थलांतर आणि इतर समाजांशी संपर्क यामुळे चालीरीती बदलतात, म्हणून आप्तभाव ही निर्णायक कसोटी धरता येत नाही. 24 मार्च 2023 ला ठाकूर जमातीच्या प्रकरणात तेच पुन्हा ठामपणे सांगितलं. संविधानापूर्वीच्या नोंदींना सर्वांत जास्त वजन आहे.

तेव्हा कागद शोधा. अनुसूचित जमातींसाठी मानीव दिनांक 6 सप्टेंबर 1950. ‘मानीव’ म्हणजे कायद्याने धरून चाललेला. त्याआधीची शाळेची नोंद किंवा गावच्या जन्म-मृत्यू नोंदवहीचा उतारा मिळाला तर फार मोठं काम होतं. नोंद मोडीत असेल तर लिप्यंतर करून घ्या.

एक शब्दही सुधारा: अर्जात ‘जात’ लिहू नका, ‘जमात’ लिहा. आपण बोलताना सगळ्यालाच जातीचा दाखला म्हणतो, पण दाखला देतात प्रांत अधिकारी आणि वैधता देते पडताळणी समिती. घरोघरी जी ‘व्हॅलिडिटी’ रखडलेली असते ती ही दुसरी.

प्रश्नकर्ता
आजोबांची 1941ची नोंद गावच्या शाळेत सापडली! पण जातीच्या रकान्यात ‘हिंदू म. कोळी’ एवढंच आहे. ‘म.’ म्हणजे महादेव हे कसं दाखवायचं? समोरचा मल्हार म्हणेल, नाहीतर मराठा कोळी म्हणेल.

उत्तर
आपल्या एका नोंदीवर थांबू नका. त्याच रजिस्टरची आधीची आणि नंतरची पानं मागा. गुरुजी एकदा पूर्ण लिहितात आणि पुढे हात आखडता घेतात. त्याच गावच्या, त्याच अक्षरातल्या दुसऱ्या मुलापुढे ‘महादेव कोळी’ असं पूर्ण लिहिलेलं असलं तर ‘म.’ त्या पानावरच उलगडतो. तो मुलगा तुमच्या भावकीतला निघाला तर वंशावळीत त्याच्या नावावर खूण करा आणि दोन्ही उतारे मुख्याध्यापकांच्या सही-शिक्क्याने घ्या.

आणि आजी हयात असेल तर तिला जवळ बसवून देवक विचारून घ्या, मुलीसमोरच.