कर्नलला मराठीत 'गर' म्हणावं का?

उभाआडवा (धागाकर्ता)

भाची अभियांत्रिकीच्या पहिल्या वर्षाला आहे. दहावीपर्यंत मराठी माध्यम. परवा तिचा चाचणीचा पेपर हातात पडला. गणित बरोबर, मार्क पूर्ण, पण एका शब्दाभोवती लाल पेनाचं गरगरीत वर्तुळ. भाचीबाईंनी गणितातल्या कर्नलचं स्पेलिंग फौजेतल्या कर्नलचं लिहिलं होतं. "मामा, सर तासभर कर्नल कर्नल करत होते. मला वाटलं, कुणा कर्नलसाहेबांनी शोधलेलं असेल."

हसून झाल्यावर विचारलं, मग कर्नल म्हणजे काय? व्याख्या धडाधड आली: रेषीय रूपांतरण (एका सदिशातून दुसरा सदिश काढायचा नियम) ज्या सदिशांना (आकड्यांच्या जोड्यांना वगैरे) शून्यावर नेतं, त्या सगळ्यांचा संच. उदाहरणही दिलं. (क्ष, य) घ्यायचं आणि क्ष + २य काढायचं. (२, −१) टाकलं की शून्य, (४, −२) टाकलं की शून्य, त्या रेषेवरचं काहीही टाका, शून्यच. ती रेषा म्हणजे कर्नल. पण "त्याला कर्नल का म्हणतात?" यावर खांदे उडवले. सदिश किंवा निश्चयक शिकताना तिला ही अडचण आली नव्हती. त्या शब्दांत दिशा दिसते, निश्चय दिसतो.

इंग्रजीत कर्नल म्हणजे बीच्या आतला दाणा. शब्द जुना, धान्याच्या दाण्यावरूनच आलेला. आपल्याकडे त्याला अस्सल शब्द आहे: गर. काजूगर म्हणतोच की. तर रूपांतरणाच्या कर्नलला 'गर' म्हणायला हरकत काय? मतं येऊ द्या.

वजाबाकी

हरकत आहे, आणि मोठी आहे. गर म्हणजे टरफल फेकल्यावर उरतं ते. तुमचा कर्नल म्हणजे रूपांतरणात जे मरतं ते! नेमकं उलटं.

मे महिन्यातला शून्य सावलीचा दिवस आठवा. पुण्यात साधारण १३ मेच्या आसपास दुपारी सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो. (दुसरा जुलैअखेरीस येतो, पण तो ढगांत वाया जातो.) अंगणात उभी काठी धरली तर सावली एका ठिपक्यात गोळा होते. तिरकी धरली तर पडते. आता 'वस्तूची सावली पाडणं' हेच रूपांतरण समजा. जमिनीवर दिसतं ती प्रतिमा आणि उभी दिशा म्हणजे कर्नल. उंचीची सगळी माहिती त्या ठिपक्यात बुडाली. बुडालेल्याला गर कोण म्हणतं? गर म्हणायचंच असेल तर प्रतिमेला म्हणा, आणि कर्नलला म्हणा टरफल.

काजूवाली

मी गणितातली नाही, वेंगुर्ल्याची आहे. घरचा काजूचा कारखाना. धाग्याचं नाव बघून आत आले.

आधी गराबद्दल तुमचा घोळ मिटवते. काजूचा गर बीच्या आत असतो, बरोबर. पण आंब्याचा गर? तो कोयीच्या बाहेर. फणसाचा गरा आठळीच्या बाहेर. म्हणजे गर शब्दाचा आत-बाहेरशी काही संबंध नाही. जो भाग खायचा तो गर, एवढंच. त्यामुळे मामा, 'आतला दाणा म्हणून गर' हे चालायचं नाही.

आणि वजाबाकीदादा, टरफल आम्ही फेकत नाही. त्याचं तेल निघतं, रंगाला जातं, गाड्यांच्या ब्रेकच्या अस्तराला जातं. १०० किलो बी फोडली की गर येतो २५-२८ किलो, बाकी बहुतेक टरफल. ते फुकट घालवलं तर धंदा बसेल. तुमच्या गणितात 'मेलेलं' म्हणजे बिनकामाचं, असं असतं का?

प्रोपेन

काजूवालीताईंनी एका वाक्यात मुद्द्यावर बोट ठेवलं. बिनकामाचं मुळीच नसतं.

मी रसायनशास्त्र शिकवतो. प्रोपेन जळतो. प्रोपेनचे अ रेणू, ऑक्सिजनचे ब, कार्बन डायऑक्साइडचे क, पाण्याचे ड. कार्बनचा हिशेब: ३अ − क = ०. हायड्रोजनचा: ८अ − २ड = ०. ऑक्सिजनचा: २ब − २क − ड = ०. तीन ओळी, चार अज्ञातं. या सहगुणकांच्या तक्त्याचा, म्हणजे मॅट्रिक्सचा, कर्नल काढा. (१, ५, ३, ४) आणि त्याच्या पटी. झालं समीकरण संतुलित! मुलं जे चुकतमाकत, खोडरबर झिजवत करतात, ते उत्तर अख्खं कर्नलमध्ये बसलेलं आहे. इथे प्रतिमेकडे कुणी ढुंकूनही बघत नाही.

माझं मत गरच्या बाजूने. खायचा भाग हाच.

वजाबाकी

एक उदाहरण तुमच्या सोयीचं निघालं म्हणून शब्द बदलत नसतो. सावलीत काय खाणार?

ट्रसवाला

सांगलीत शेड डिझाइन करतो. आमच्याकडे कर्नल हा शब्द कुणी उच्चारत नाही, पण भेट रोज होते. नवीन पोरगं मॉडेल बनवतं, आधार द्यायला विसरतं, सॉफ्टवेअर ओरडतं: मॅट्रिक्स सिंग्युलर आहे. म्हणजे काय, तर ट्रसला (छपराच्या सळ्यांच्या सांगाड्याला) आडवं सरकवा, उभं सरकवा, किंवा आहे तसा थोडासा फिरवा, एकाही सळीत ताण येत नाही. सपाट ट्रसच्या या तीन फुकटच्या हालचाली. ताठरतेच्या मॅट्रिक्सचा कर्नल तो हाच.

कधीकधी तर ओरडतही नाही. संगणकाला अचूक शून्य मिळत नाही, दशांशचिन्हानंतर पंधरा-सोळा शून्यांनंतरचा कचरा उरतो. त्याने भागून ते खुशाल सांगतं की ट्रसचं टोक काही किलोमीटर सरकलं. पोरगं ते छापून घेऊन येतं. माझा अनुभव असा की कर्नलला गर म्हणा नाहीतर टरफल म्हणा, तो दिसला की आधी बेअरिंग (आधार) तपासायचं.

शब्दाबाबत: आहे तो राहू द्या. बेअरिंगला तरी कुठे मराठी शब्द वापरतो आपण?

श्टुटगार्टकर

इथे जर्मनीत याला केर्न म्हणतात. फळाची बी, अणूचं केंद्रक, शहराचा गाभा, सगळ्याला केर्न. फ्रेंचमध्ये न्वायो, तेही फळाची कोय आणि अणूचं केंद्रक दोन्ही. म्हणजे ही प्रतिमा युरोपभर फळाचीच आहे.

मात्र वजाबाकी यांना एक भेट देतो. चेरीची केर्न इथे खात नाहीत, थुंकतात! कुणाची लांब जाते याच्या स्पर्धा होतात. त्यामुळे 'कर्नल म्हणजे उरतं ते' हे काजूबद्दल खरं, चेरीबद्दल नाही. शब्द दोन्हीकडे झुकतो.

आणखी एक. गणिती हिल्बर्टने १९०४च्या सुमारास केर्न वापरला तो वेगळ्याच गोष्टीसाठी: समाकलनाच्या चिन्हाखाली बसलेलं दोन चलांचं फल. तिथे तो खराच गाभा आहे, त्याच्यावरून सगळं समीकरण ठरतं. शून्यावर जाण्याशी त्याचा संबंध नाही. एकाच शाखेत एकच शब्द दोन अर्थांनी नांदतो आणि माणसं संदर्भावरून चालवून घेतात. तेव्हा भाचीला सांगा, गोंधळ तिचा एकटीचा नाही.

मध्यरात्रीचा_मेक

दोनच? मोजा. लिनक्सचा कर्नल, १९९१पासून. फोटो धूसर करायला त्यावरून फिरवतात तो ३ × ३चा कर्नल. मशीन लर्निंगमधला कर्नल, तो तुमच्या हिल्बर्टच्या घराण्यातला. ग्राफिक्स कार्डावर हजारो धाग्यांत (थ्रेड्समध्ये) एकदम पळणारं फंक्शन, तेही कर्नल. आमच्या टीममध्ये 'कर्नल क्रॅश झाला' म्हटलं की पहिली पाच मिनिटं कुठला ते ठरवण्यात जातात.

म्हणून मी म्हणतो, रूपांतरणाच्या कर्नलला त्याचं दुसरं नाव मराठीत आणा: नल स्पेस. सायपाय या पायथॉनच्या लायब्ररीमध्ये फंक्शनचं नावही तेच आहे. मराठीत 'शून्यावकाश'. शून्यही आहे, अवकाशही आहे, फळबीळ काही नको.

त्रिज्या

शून्यावकाशाला माझा कडाडून विरोध. पंधरा वर्षं पेपर तपासते आहे. दरवर्षी ढिगाने उत्तरं येतात: 'कर्नल रिकामा आहे.' कर्नल कधीच रिकामा नसतो! शून्य सदिश त्यात असतोच, कारण रेषीय रूपांतरण शून्याला शून्यावरच नेतं. एकटा शून्य सदिश असलेला संच आणि रिकामा संच यांत घर आणि भिंतीवरच्या घराच्या चित्राएवढा फरक आहे. 'शून्यावकाश' ऐकल्यावर पोरांच्या डोळ्यांसमोर निर्वात पोकळी येणार. आधीच होणारी चूक तुम्ही शब्दातच पेरताय.

शिवाय अवकाश म्हणजे मराठीत अजून वेळ आहे असंही. पावसाला अवकाश आहे. (हलकेच घ्या.)

मध्यरात्रीचा_मेक

रिकामा संच, शून्य, काहीच नाही, हे तीन गोंधळ कुठल्याही शब्दाने होतील. नल स्पेस म्हणणारी इंग्रजी पोरं ही चूक करत नाहीत का?

त्रिज्या

करतात. म्हणूनच ते नाव उचलू नका म्हणते.

आता मूळ भांडणाकडे. वजाबाकी, तुमचा पाया असा की कर्नल आणि प्रतिमा म्हणजे एकाच फळाचे दोन भाग: एक फेकायचा, एक ठेवायचा. मितींची बेरीज जुळते, हे खरं. सावलीत ३ = २ + १. प्रोपेनमध्ये ४ = ३ + १. त्यामुळे बीचे गर आणि टरफल असे दोन तुकडे झाले असं वाटतं. पण प्रतिमा दुसऱ्या अवकाशात राहते, ती मूळ बीचा तुकडाच नाही. आणि जेव्हा दोन्ही एकाच अवकाशात असतात तेव्हा गंमत बघा. (क्ष, य) घ्या आणि (य, ०) करा. कर्नल कोणता? जिथे य शून्य, म्हणजे आडवा अक्ष. प्रतिमा कोणती? तीही आडवा अक्ष! आता सांगा, आडवा अक्ष गर की टरफल?

वजाबाकी

...

हे माहीत होतं, विसरलो होतो. ठीक. टरफल मागे घेतो. पण गरही मानत नाही. तुमच्याच उदाहरणात तोही पडतो.

काजूवाली

एकच वस्तू गर पण आणि टरफल पण? आमच्याकडे असला माल आला तर मी ट्रक परत पाठवीन.

प्रोपेन

त्रिज्याताई, उदाहरण फर्मास. पण मला अजूनही वाटतं की तुम्ही सगळे 'काय मरतं' यातच अडकलाय. कर्नल सांगतो की उत्तर किती सैल आहे. बारावीत समाकलनाच्या उत्तरापुढे 'अधिक सी' लिहायला विसरलो की अर्धा मार्क जायचा, आठवतंय? अवकलन हे रेषीय रूपांतरण, स्थिरांक त्याच्या कर्नलमध्ये, आणि तो सी म्हणजे कर्नलच दारात उभा. एक उत्तर सापडलं की बाकी सगळी त्यात कर्नल मिळवून. सावलीतही तेच: काठीच्या टोकाची सावली कुठे पडली हे कळलं, तर टोक त्या ठिपक्याच्या नेमकं वर कुठेतरी आहे. कुठेतरी म्हणजे कर्नलभर.

ट्रसवाला

हे पटलं. आमच्या फुकटच्या हालचालींचंही हेच. बळं तीच, ताण तेच, ट्रस मात्र कुठेही.

मग शब्द 'सैल' वरून काढा. 'मोकळीक'? रूपांतरणाची मोकळीक. आमच्या पोरांना लगेच कळेल: मोकळीक शून्य असेल तर ट्रस पक्का.

श्टुटगार्टकर

मोकळीक सुंदर आहे, पण कोशात नाही बसणार. पहिल्याच समितीत कुणीतरी 'रूपांतर-मोचन-समष्टी' करून ठेवेल.

जाता जाता: मॅट्रिक्स हा शब्द गणिती सिल्व्हेस्टरने १८५०मध्ये गणितात आणला, त्याचा लॅटिन अर्थ गर्भाशय. त्यातून अनेक निश्चयक जन्माला येतात म्हणून. आज मॅट्रिक्स म्हणताना गर्भाशय कुणाच्या मनात येतं? फळही तसंच पुसलं जाईल. पन्नास वर्षांनी 'गर' म्हणताना काजू आठवणार नाही.

वजाबाकी

मग काजूवरून शब्द घ्यायचाच कशाला? आठवायलाच नको असेल तर कर्नल काय वाईट?

त्रिज्या

पहिल्या दिवशी आठवावा म्हणून. पंधराव्या वर्षी कशाला?

माझं मत 'मोकळीक' वर्गात बोलायला, 'कर्नल' पेपरात लिहायला. गर जेवायला.

उभाआडवा (धागाकर्ता)

सगळ्यांचे आभार. मी अजून गरावरच आहे, पण आंब्याच्या कोयीने माझी बाजू लंगडी केली हे कबूल. धागा भाचीला वाचायला दिला. 'अधिक सी' वाली प्रतिक्रिया तिने दोनदा वाचली, सावलीचं चित्र वहीत काढलं, (य, ०) वालं स्वतः करून बघितलं. मग म्हणाली, "मामा, हे सगळं छान आहे. पण परीक्षा इंग्रजीत आहे. स्पेलिंग सांग."

वजाबाकी

के ने सुरू होतं. सी ने नाही.

काजूवाली

आमच्या डब्यावर डब्ल्यू-३२० या काजूच्या प्रतीच्या खाली मोठ्या अक्षरांत छापलेलं आहे. फोटो टाकू?