रक्ताच्या तीन नळ्या

रीळवेडा:
‘जुन्या हिंदी मेलोड्रामाचं प्रेम म्हणजे निव्वळ स्मरणरंजन, अमर अकबर अँथनीतला रक्ताचा प्रसंग आता हसण्यापुरताच उरलाय’ हे इथलं वाक्य वाचून राहवलं नाही. तो प्रसंग नीट बघा. रक्त देणाऱ्या तीन भावांच्या तीन खाटा, रक्त घेणारी बाई चौथीवर, मागच्या खिडक्यांतून देऊळ, मशीद, चर्च. एकेकाचं नाव विचारलं जातं आणि मग शीर्षक येतं, तेही कथा चांगली वीसेक मिनिटं झाल्यावर. तोवर गांधींच्या पुतळ्यापाशी सोडलेली पोरं, आईची गेलेली दृष्टी, सगळं सांगून झालंय. रक्त घेणारी ती बाई त्यांची आई आहे हे आपल्याला ठाऊक, खाटांवरच्या चौघांना नाही. पुढचे अडीच तास प्रेक्षक ह्या एका गोष्टीसाठी खुर्ची सोडत नाही. योगायोग हा त्या पटकथेचा ढिसाळपणा नव्हे, पाया आहे.

नाडीपरीक्षा:
ते वाक्य माझंच, आणि मी मागे घेत नाही. रक्तदात्याची पिशवी हाताच्या खालच्या पातळीला ठेवतात, कारण शिरेतला दाब कमी असतो. ३५० मिलीच्या पिशवीत गुठळी होऊ नये म्हणून सिट्रेट असतं. देणाऱ्या-घेणाऱ्याचं रक्त जुळतं का बघायची क्रॉसमॅच वेगळीच. इथे तिघांचं रक्त आपोआप वर चढून एका बाटलीत मिसळतं आणि थेट आईला! बरं, योगायोगच पाया म्हणता, तर १९७७ मध्येच मनमोहन देसाईंचे धरमवीर, चाचा भतीजा, परवरिश आले. तेही चालले. मग आज पारायणं ह्या एकाचीच का?

रीळवेडा:
कारण इथे प्रत्येक भावाला स्वतःची भाषा आहे. कादर खानच्या संवादांतली अँथनीची बंबैया बोली काढून बघा, काय उरतं? आरशातल्या प्रतिमेला मलमपट्टी करणारा दारुडा अँथनी हसवतो आणि त्याच दमात त्याचं एकटेपणही दाखवतो. नळ्यांची उंची मोजणाऱ्याला ते दिसायचं नाही.

पेटीमास्तर:
दोघंही ज्या प्रतीवरून भांडताय ती तपासलीत का? सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा. आपल्या जुन्या टीव्हीची आणि व्हिडिओ कॅसेटची ‘पाल’ (PAL) ही प्रक्षेपणाची पद्धत २५ ची होती. तीच रीळं २५ ने पळवली की तीन तासांचा सिनेमा सात मिनिटं आधी संपतो आणि आवाजाचा सूर चढतो. पेटीच्या काळी एक पट्टीतलं गाणं काळी एक आणि पांढरी दोनच्या मधे कुठेतरी लागतं, पेटी जुळतच नाही. आईचा हुंदकाही तेवढाच चिरका होतो. लोक हसतात त्यात ह्याचाही वाटा आहे.

नाडीपरीक्षा:
विषय काय, चाललंय काय!

पेटीमास्तर:
हाच विषय आहे. शोले ३५ मिमीवर चित्रित करून ७० मिमीवर मोठा केला, रुंदी उंचीच्या २.२ पट. जुन्या चौकोनी टीव्हीवर ती १.३३ पट. पडदा भरायला बाजू कापल्या की चाळीस टक्के चित्र गेलं. संकलक एम. एस. शिंदेंना त्या सिनेमासाठी फिल्मफेअर मिळालं. त्यांनी जोडलेल्या चौकटी अशा छाटायच्या आणि वर ‘भडक’ म्हणायचं? राग येतो हो.

मांडवीकाठ:
संगीताचा विषय निघालाच आहे तर, सिनेमातल्या अँथनीचं अँथनी गोन्साल्विस हे नाव त्याचे संगीतकार लक्ष्मीकांत-प्यारेलाल ह्यांतल्या प्यारेलालांच्या व्हायोलिनच्या गुरूंचं आहे, गोव्यातल्या माजोर्ड्याचे. शंकर-जयकिशनच्या गाण्यांची अरेंजमेंट, म्हणजे कोणतं वाद्य कुठे काय वाजवणार ह्याची आखणी, सेबॅस्टियन डिसोझांची. जे व्हायोलिन ऐकून डोळे भरतात त्यातलं कितीतरी गोवेकरांनी कागदावर उतरवलंय, आणि श्रेयनामावलीत त्यांना शोधत बसावं लागतं. आधी ह्यावर बोला.

रीळवेडा:
मान्य, पण वेगळा धागा काढा.

मांडवीकाठ:
वेगळा कशाला? रडवतो कोण, ह्यावरच भांडताय ना?

नाडीपरीक्षा:
ठीक. आवाज चढलेल्या प्रतीवरून मत बनवलं असेल तर तेवढं माझं चुकलं. रक्त वर चढत नाही, ह्यावर ठाम आहे. प्रत बरोबर आहे हे ओळखायचं कसं?

पेटीमास्तर:
अख्खं गाणं रेकॉर्डशी ताडू नका, सिनेमात अंतरे कमीजास्त असतात. एकच अंतरा घ्या, दोन्हीकडे घड्याळ लावा. रेकॉर्डवर ५० सेकंदांचा अंतरा ४८ मध्ये आटपला तर प्रत पळवलेली आहे. प्लेअरमध्ये वेग ०.९६ करा, सूरही खाली आणायचा. ‘सूर कायम ठेवा’ ही खूण आधी काढा, नाहीतर वेग उतरेल आणि आवाज चिरकाच राहील.