मालकाने अंशदान बुडवले, तर विधवेचे निवृत्तिवेतन अडवावे काय?

पेठकर:
आमच्या शेजारच्या वहिनींचे यजमान एका लहान कारखान्यात फिटर होते आणि नोकरीत असतानाच हृदयविकाराने गेले. त्यांच्या पगारपावत्यांवर पीएफची कपात दरमहा दिसते, पासबुकात मात्र शेवटच्या दीड वर्षाची एकही नोंद नाही. आता वहिनींना भविष्य निर्वाह निधी (पीएफ) कार्यालयात ‘कंपनीने थकबाकी भरली की या’ असे तोंडी सांगितले जाते. लेखी द्यायला कोणी तयार नाही. माझ्या मते ही अट योजनेत बसत नाही. कर्मचारी निवृत्तिवेतन योजना, १९९५ मधील अंशदायी सेवेच्या व्याख्येत अंशदान, म्हणजे दरमहा भरायचा हिस्सा, मिळालेला काळ जसा येतो, तसाच ते येणे असलेला काळही येतो. शिवाय या निवृत्तिवेतन निधीत कामगाराच्या वाट्यातून काहीच जात नाही; मालकाच्या हिश्शातून ८.३३ टक्के तिकडे वळतात आणि केंद्र सरकार १.१६ टक्के घालते. म्हणजे १५,००० रुपयांच्या वेतनमर्यादेवर महिन्याला जे साधारण १,२५० रुपये भरणे त्या माणसाच्या हातातच नव्हते, त्यांचा जाब त्याच्या बायकोला विचारायचा?

हिशेबनीस:
वहिनींबद्दल मलाही वाईट वाटते. परंतु हा निधी कोणा एकाचे खाते नसून सर्वांचा सामायिक गल्ला आहे, आणि न आलेल्या पैशावर त्यातून देणी दिली, तर भार नियमित भरणा होत असलेल्या कामगारांवरच पडतो. आपण व्याख्या सांगितलीत, पण त्याच योजनेचा सोळावा परिच्छेद सोडून दिलात. नोकरीत मृत्यू आल्यास कुटुंबाला निवृत्तिवेतन मिळण्यासाठी निदान एका महिन्याचे अंशदान जमा झालेले असावे लागते. ही अट उगाच नाही. माणूस गेल्यावर मागच्या तारखांची हजेरी लिहून त्याला कामगार दाखवणे अवघड नसते. लेखापरीक्षणात मी अशी हजेरीपत्रके पाहिली आहेत, वर्षभराच्या सह्या एकाच पेनाने, एकाच बैठकीत केलेल्या.

साखरपट्टा:
एका महिन्याची अट इथे आड येतच नाही, कारण आधीची वर्षे भरलेली आहेत. राहिला निधीवरचा भार. वसुलीचे हत्यार सरकारच्या हाती आहे, विधवेच्या नव्हे. महाराष्ट्र राज्य सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये असा निर्णय दिला की, साखर कारखान्यांनी बँकेकडे तारण ठेवलेल्या पोत्यांवरसुद्धा भविष्य निर्वाह निधीच्या थकबाकीचा हक्क पहिला, आणि त्या थकबाकीत व्याज व नुकसानभरपाईही धरावी. भविष्य निर्वाह निधीच्या १९५२ च्या कायद्याने तर असे व्याज १२ टक्के ठरवले होते. इतके अधिकार असूनही कार्यालय मालकाच्या दारात न जाता बाईलाच हेलपाटे घालायला लावत असेल, तर तो सरळ आळशीपणा आहे.

हिशेबनीस:
हक्क पहिला असला, तरी गोदामात पोती शिल्लक हवीत ना! यंत्रे विकलेल्या, वीज तोडलेल्या कारखान्याकडून काय वसूल होते, हे साखरपट्ट्यातल्या माणसाला मी सांगायला नको. तरीही पगारातून कपात झाल्याचे सिद्ध होत असेल, तर निवृत्तिवेतन सुरू करून वसुली मागाहून करावी, इथवर मी येतो. मात्र ज्याची नोंदणीच कधी झाली नाही, त्या ठेकेदाराकडच्या कामगाराला हाच न्याय लावण्यास माझा ठाम विरोध आहे.

पेठकर:
नोंदणी न करणारा ठेकेदार हा कपात करून पैसे खाणाऱ्या मालकापेक्षा मोठा गुन्हेगार आहे, आणि आपल्या नियमाने नेमका तोच स्वस्तात सुटतो. खोट्या हजेरीची शंका असेल, तर बँकेत जमा झालेला पगार आणि कर्मचारी राज्य विमा योजनेतील नोंदी मागच्या तारखेने लिहिता येत नाहीत, त्या तपासाव्यात. विधवेचे किमान निवृत्तिवेतन महिन्याला १,००० रुपये आहे, आणि दोन मुलांना पंचवीस वर्षांचे होईपर्यंत प्रत्येकी तिच्या रकमेच्या २५ टक्के मिळतात. एवढ्याने गल्ला बुडेल, ही भीती मला पटत नाही. वहिनींचा अर्ज पगारपावत्या आणि बँकेचे उतारे जोडून स्पीड पोस्टने पाठवतो आहोत, म्हणजे नकार द्यायचाच असेल तर तो लेखी द्यावा लागेल.

हिशेबनीस:
त्याच अर्जासोबत थकबाकी निश्चित करण्याच्या चौकशीची स्वतंत्र मागणी करा. ठेकेदाराच्या बाबतीत माझे मत बदललेले नाही.